‘गँग्लिओ’ म्हणजे गाठ नव्हे: बाबांच्या एमआरआय रिपोर्टमधला एक शब्द

पत्र: माझे वडील ६८ वर्षांचे आहेत, एसटीतून निवृत्त झालेत. कराडजवळच्या गावी आई-बाबा आणि धाकटे काका एकत्र राहतात. बाबांना बारा वर्षांपासून बीपी आहे. गेल्या महिन्यात पहाटे कूस बदलताना त्यांना दोन-तीनदा गरगरलं, म्हणून डॉक्टरांनी मेंदूचा एमआरआय करायला सांगितला. रिपोर्ट भावाच्या व्हॉट्सॲपवर आला. त्यात लिहिलंय, ‘क्रॉनिक लॅक्युनर इन्फार्क्ट, ६ मिमी, लेफ्ट गँग्लिओकॅप्सुलर रीजन. नो रिस्ट्रिक्टेड डिफ्यूजन. एज-रिलेटेड सेरेब्रल ॲट्रॉफी.’ काकांनी मोबाइलवर ‘गँग्लिऑन’ शोधलं तर ‘गाठ’ असं आलं. मग कॅप्सूल म्हणजे गाठीवरचं आवरण असणार आणि क्रॉनिक म्हणजे हाताबाहेर गेलेलं, असं सगळ्यांनी धरून घेतलं. आईनं देव पाण्यात ठेवलेत. काकांनी फिल्म खिडकीशी धरून पाहिली तर ठिपका उजवीकडे दिसतो आणि रिपोर्टमध्ये डावीकडे लिहिलंय. म्हणजे रिपोर्ट दुसऱ्याच कुणाचा असेल का? बाबांना आम्ही ‘सगळं नॉर्मल आहे’ असं सांगितलं. ते इतके खूश झाले की ‘मेंदू ठणठणीत आहे, मग बीपीची गोळी कशाला?’ म्हणून चार दिवसांपासून त्यांनी गोळीच बंद केलीय. डॉक्टरांची वेळ दहा दिवसांनंतरची आहे. या शब्दाचा नेमका अर्थ काय? आणि बाबांना खरं सांगायचं का?

उत्तर:

तुमच्या पत्रातली सर्वांत काळजीची ओळ रिपोर्टमधली नाही, गोळी बंद केल्याची आहे. त्यामुळे आधी तेवढं करा. हे वाचून झाल्यावर लगेच डॉक्टरांच्या दवाखान्यात फोन लावा, गोळी चार दिवस बंद असल्याचं सांगा आणि पुन्हा कशी सुरू करायची ते विचारा. बीपीच्या काही गोळ्या एकदम सोडल्या की रक्तदाब उसळी मारतो. राहून गेलेल्या दिवसांची भरपाई म्हणून दोन-दोन गोळ्या देऊ नका. गावातल्या दवाखान्यात किंवा आरोग्य केंद्रात आजच बीपी मोजून घ्या. दहा दिवस थांबण्याजोगी ही गोष्ट नाही.

आता त्या शब्दाकडे येऊ. बाबांच्या मेंदूत गाठ आहे, असं हा रिपोर्ट म्हणत नाही. गाठ दिसली असती तर ‘मास’, ‘ट्यूमर’, ‘स्पेस-ऑक्युपायिंग लीजन’ असे शब्द आले असते. तुम्ही उतरवून पाठवलेल्या ओळींत त्यातला एकही नाही. आईला हे आत्ताच सांगा.

काकांचं मात्र पूर्ण चुकलं असंही म्हणवत नाही. गँग्लिऑन हा ग्रीक शब्द आहे आणि त्याचा मूळ अर्थ खरोखरच कातडीखालची, स्नायूच्या दोरीजवळची गाठ असा होता. मनगटावर वाटाण्याएवढा फुगवटा येतो, त्याला आजही डॉक्टर गँग्लिऑनच म्हणतात. पुढे दुसऱ्या शतकात गेलन या वैद्यानं हाच शब्द मज्जातंतूंवर दिसणाऱ्या फुगीर गाठींसाठी वापरला. धाग्याला जशी गाठ पडलेली दिसते, तशा त्या दिसतात. तेव्हापासून एक शब्द दोन घरी नांदतोय. एका घरी तो विकार आहे. दुसऱ्या घरी तो शरीराचा जन्मजात भाग आहे, तुमच्यात, माझ्यात, सगळ्यांमध्ये असलेला. मोबाइलनं काकांना पहिल्या घरचा पत्ता दिला. रिपोर्टमधला शब्द दुसऱ्या घरचा होता.

मी तीस वर्षं वैद्यकीय विद्यार्थ्यांना शरीररचनाशास्त्र शिकवलं. मेंदूचा आडवा काप टेबलावर ठेवला की पहिल्या वर्षाची मुलं कडेच्या वळ्यांकडेच बघत बसतात. मी त्यांना मधोमध बघायला सांगायची. तिथे दोन्ही बाजूंना करड्या रंगाचे मोठे पुंजके दिसतात. मेंदूच्या पेशींची ही दाट वस्ती म्हणजे बेसल गँग्लिया, मेंदूच्या तळाकडचे पुंजके. मी वर्गात ‘पुंजके’ हाच शब्द वापरायची, कारण ‘गाठी’ म्हटलं की मुलांच्याही चेहऱ्यावर तेच यायचं जे तुमच्या घरात चार दिवस चाललंय. शास्त्राच्या काटेकोर भाषेत तर इथे ‘गँग्लिया’ म्हणणंही बरोबर नाही. मेंदू आणि मज्जारज्जूच्या बाहेरच्या पेशीसमूहाला गँग्लिऑन म्हणायचं आणि आतल्याला न्यूक्लियस, असा नियम आहे. १९९८ सालच्या आंतरराष्ट्रीय शारीर परिभाषेत या भागाचं नाव म्हणूनच ‘बेसल न्यूक्लिआय’ असं दिलंय. पण जुनं नाव डॉक्टरांच्या तोंडून काही गेलं नाही.

या पुंजक्यांची एकेक नावं ऐकलीत तर भीती आणखी कमी होईल. एक शेपटीसारखा निमुळता होत जातो, म्हणून कॉडेट, म्हणजे शेपटीवाला. एकाचं नाव पुटामेन, म्हणजे टरफल. त्याला आतून चिकटलेला ग्लोबस पॅलिडस, म्हणजे फिकट गोळा. टरफल आणि फिकट गोळा मिळून जो आकार होतो तो लेंटिफॉर्म, म्हणजे मसुरीच्या दाण्यासारखा. टॉमस विलिस या इंग्रज वैद्यानं १६६४ मध्ये मेंदूच्या रचनेवर ग्रंथ लिहिला. त्यानं यातल्या काही भागाला पट्टेरी दिसतो म्हणून ‘कॉर्पस स्ट्रायेटम’ म्हटलं. ही माणसं मेंदू उघडून बघत होती आणि घरात, शेतात जे पाहिलं होतं त्याचीच नावं देत होती. या नावांत आजार कुठेच नाही.

या पुंजक्यांचं काम मुख्यतः हालचाली सुरळीत ठेवण्याचं. कोणती हालचाल होऊ द्यायची, कोणती रोखायची, सवयीची कामं विचार न करता कशी व्हायची, यात त्यांचा मोठा वाटा असतो. चाळीस वर्षं तिकीट फाडणाऱ्या कंडक्टरचा हात गर्दीत, धावत्या गाडीत, अचूक चालतो ना, त्या सफाईमागे हेही पुंजके असतात.

आता शब्दाचा दुसरा अर्धा भाग, कॅप्सुलर. लॅटिनमध्ये कॅप्सुला म्हणजे लहानशी पेटी. औषधाची कॅप्सूलही तिथूनच आली. पण मेंदूतली ‘इंटर्नल कॅप्सूल’ ना डबी आहे ना गाठीचं वेष्टण. ती पांढऱ्या तंतूंची एक जाड पट्टी आहे. मसुरीच्या दाण्याला ती आतल्या बाजूनं लपेटून जाते, म्हणून तिला आवरणाचं नाव मिळालं. आडव्या कापात ती गुडघ्यात वाकवलेल्या पायासारखी दिसते, आणि त्या वाकणाचं शास्त्रीय नावही ‘जीनू’, म्हणजे गुडघाच आहे.

तुम्ही कराडच्या म्हणून सांगते. पुण्याकडून साताऱ्याला येताना खंबाटकीचा घाट लागतो. पुणं केवढं पसरलेलं आहे, तिथले रस्ते शंभर दिशांनी फुटलेले. पण दक्षिणेकडे निघालेल्या गाड्यांना शेवटी त्या एका चिंचोळ्या जागेतून जावं लागतं. इंटर्नल कॅप्सूल म्हणजे मेंदूचा असा घाट आहे. हात हलव, पाय उचल असे मेंदूच्या पृष्ठभागावरून निघणारे निरोप तिच्या मागच्या भागात गोळा होऊन खाली मज्जारज्जूकडे जातात. शरीराकडून वर येणाऱ्या स्पर्शाच्या संवेदनाही थॅलॅमस नावाच्या ठाण्यातून याच वाटेनं वर जातात. सपाट माळावर चार हात खड्डा पडला तरी वाहतूक बाजूनं निघून जाते. घाटात छोटीशी दरड पडली तरी रांगा लागतात. म्हणून डॉक्टर मेंदूतल्या डागाचा आकार पाहतात त्याहून जास्त त्याची जागा पाहतात.

पुंजके आणि ही पट्टी एकमेकांना इतकी खेटून आहेत की रेडिओलॉजिस्ट दोन्ही मिळून त्या प्रदेशाला ‘गँग्लिओकॅप्सुलर रीजन’ म्हणतात. काही जण ‘कॅप्सुलोगँग्लिऑनिक’ लिहितात, अर्थ तोच. शरीररचनेच्या पाठ्यपुस्तकात या नावाचं प्रकरण सापडणार नाही. ही रिपोर्टची भाषा आहे. जोडनाव वापरण्यामागे एक व्यवहारी कारण आहे. या दोन्हींना रक्त पुरवणाऱ्या वाहिन्या बऱ्याच अंशी सामायिक आहेत, त्यामुळे तिथलं नुकसान पुष्कळदा हद्द ओलांडून दोन्हीकडे होतं. म्हणजे हा शब्द निव्वळ पत्ता आहे. ‘कराड तालुका’ म्हटल्यासारखा. तिथे काय घडलं ते या शब्दात नाही, ते त्याच्या आधीच्या तीन शब्दांत आहे. तुमच्या घरच्यांनी पत्त्यालाच आजार समजलं.

ते तीन शब्द आता नीट वाचू. इन्फार्क्ट म्हणजे रक्तपुरवठा तुटल्यामुळे निकामी झालेली जागा. लॅक्युनर म्हणजे लहान खळग्यासारखी. लॅटिनमध्ये लॅक्युना म्हणजे खळगा, डबकं. फ्रान्समध्ये आमेदे देशांब्र यांनी १८३८ मध्ये मेंदूतल्या अशा बारक्या पोकळ्यांसाठी हा शब्द वापरला. पियेर मारी यांनी १९०१ मध्ये पॅरिसजवळच्या बिसेत्र इथल्या वृद्ध रुग्णांच्या मेंदूंत अशा पोकळ्या कशा आढळतात ते तपशिलात मांडलं. मग १९६५ मध्ये मिलर फिशर या कॅनडात जन्मलेल्या मेंदूतज्ज्ञानं मेंदूंचे काप तपासून दाखवलं की या खळग्यांचं उच्च रक्तदाबाशी घट्ट नातं आहे. साधारण ३ ते १५ मिलिमीटरच्या अशा खळग्याला लॅक्युनर म्हणतात. बाबांचा ६ मिलिमीटरचा आहे, तुरीच्या दाण्याएवढा.

तिसरा शब्द क्रॉनिक. मराठीत आपण तो ‘चिवट’, ‘हाताबाहेर गेलेला’ अशा अर्थानं वापरतो. एमआरआयच्या भाषेत इथे त्याचा अर्थ एवढाच की ही घटना जुनी आहे, जखम भरून व्रण उरलाय. पुढचं ‘नो रिस्ट्रिक्टेड डिफ्यूजन’ तेच दुसऱ्या बाजूनं सांगतं. मेंदूला नुकताच झटका आला असेल तर त्या जागी पाण्याच्या रेणूंची हालचाल अडखळते आणि डिफ्यूजनच्या चित्रात ती जागा चमकते. बाबांच्या चित्रात तसं काही दिसलेलं नाही. म्हणजे हे नुकतंच घडलेलं नाही.

कधी घडलं, हे तुम्हाला आठवणार नाही आणि त्यात तुमचा हलगर्जीपणा नाही. साठीच्या पुढच्या कितीतरी माणसांच्या स्कॅनमध्ये असे मूक खळगे सापडतात. पुंजक्याच्या कोपऱ्यात घडलेली गोष्ट घरात कुणाच्या लक्षात येत नाही. तरी बाबांना एकदा सहज विचारा, कधी उजवा हात जड पडला होता का, शर्टाची बटणं लावताना बोटं अडखळत होती का, जीभ जड झाली होती का. उजवा यासाठी विचारायचा की मेंदूचा डावा भाग शरीराची उजवी बाजू चालवतो. काही आठवलं तर तारीख नाही तर निदान सण किंवा हंगाम लिहून ठेवा. डॉक्टरांना त्याचा उपयोग होतो.

काकांची फिल्मची शंका चांगली आहे, आणि तिचं उत्तर सोपं. एमआरआयचे आडवे काप आपण रुग्णाच्या पायाशी उभं राहून वर बघतोय अशा रीतीनं मांडलेले असतात. समोरासमोर उभ्या माणसाचा डावा हात आपल्या उजवीकडे येतो, तसंच. फिल्मवर कडेला बाजू दाखवणारं अक्षर असतं, ते काकांना दाखवा. नाव, वय आणि तारीख मात्र एकदा जुळवून घ्याच. ती सवय चांगली.

सेरेब्रल ॲट्रॉफी म्हणजे मेंदू थोडा आक्रसलाय. त्याआधी ‘एज-रिलेटेड’ लिहिलंय, म्हणजे वयाच्या मानानं. केसांचं पिकणं जसं, तसं हे. एवढ्यावरून विसराळूपणाचा आजार ठरत नाही.

इथपर्यंत मी तुमची भीती काढतेय. पण रिपोर्ट नॉर्मल आहे असंही मी म्हणणार नाही, कारण तो तसा नाही. त्या भागाला रक्त पुरवणाऱ्या लेंटिक्युलोस्ट्रायेट नावाच्या वाहिन्या एक मिलिमीटरपेक्षाही बारीक असतात. मेंदूच्या एका मोठ्या धमनीतून त्या जवळजवळ काटकोनात फुटतात. त्यामुळे मोठ्या धमनीतला दाब मध्ये फारसा न ओसरता थेट त्यांच्यावर येतो. पाटाच्या मोठ्या प्रवाहाला एकदम बारीक नळी जोडावी तसं. शिवाय त्या वाटेच्या टोकाच्या वाहिन्या आहेत. एक बंद पडली तर शेजारची मदतीला येत नाही. वर्षानुवर्षं बीपी वाढलेलं राहिलं की त्यांच्या भिंती जाड आणि ठिसूळ होत जातात. मग एखादी बुजते आणि खळगा पडतो, किंवा एखादी फुटते आणि रक्तस्राव होतो. बीपीमुळे होणारा मेंदूतला रक्तस्राव सर्वाधिक वेळा याच प्रदेशात, पुटामेनच्या आसपास होतो. तुरीच्या दाण्याएवढा तो खळगा म्हणजे या वाहिन्यांनी ठेवलेली खूण आहे. पुढच्या झटक्याची शक्यता अशी खूण नसलेल्या माणसापेक्षा यांना जास्त असते. ती कमी करता येते, आणि ती कमी करणारी सगळ्यांत मोठी गोष्ट बाबांनी चार दिवसांपूर्वी डब्यात ठेवून दिली.

म्हणून बाबांना सांगायचं का, याचं माझं उत्तर सरळ आहे: सांगा, आजच सांगा. तुम्ही प्रेमापोटी लपवलंत हे मला कळतं. पण गोळी रोज कोण घेणार? मीठ कोण कमी करणार? तंबाखू असेल तर कोण सोडणार? हे सगळं ज्याच्या हाती आहे त्याच्यापासूनच माहिती दडवली, तर त्यानं कशाच्या आधारावर वागायचं? तुम्ही ‘नॉर्मल’ म्हणालात आणि त्यांनी त्यावर विश्वास ठेवून अगदी तर्काला धरून निर्णय घेतला. मला त्यात त्यांची चूक दिसत नाही.

सांगताना सगळ्या घरानं भोवती बसू नका. तुम्ही किंवा भाऊ, एकानंच, संध्याकाळी चहाच्या वेळी बोला. शब्दही साधे असू देत. ‘बाबा, रिपोर्ट अगदी नॉर्मल नव्हता, आम्ही घाबरलो म्हणून तसं बोललो. गाठबिठ काही नाही. मेंदूतली एक बारीक रक्तवाहिनी पूर्वी कधीतरी बंद पडलीय, तिची खूण दिसतेय. तुम्हाला ते कळलंही नाही, इतकं लहान होतं. पण ते बीपीमुळे होतं, म्हणून गोळी चालू ठेवायची.’ ज्यानं आयुष्यभर घाटातल्या गाड्यांतून माणसं सुखरूप पोचवली, त्याला हे पेलेल. ते रागावतील ते रिपोर्टवर नाही, तुम्ही लपवल्यावर. तो राग ऐकून घ्या.

ॲस्पिरिनचं एक बजावते, कारण असे रिपोर्ट आले की कुणी ना कुणी ‘रक्त पातळ करायची गोळी सुरू करा’ म्हणतंच. डॉक्टर कदाचित ती देतीलही. पण वर म्हटलं तशी अशीच एखादी वाहिनी फुटूही शकते, आणि बीपी ताब्यात नसताना रक्त पातळ करणं धोक्याचं ठरू शकतं. तो तोल तपासून बघणं डॉक्टरांचं काम आहे.

भेटीला जाताना रिपोर्टसोबत फिल्म आणि सीडीही न्या, आणि रोज एकाच वेळी मोजलेल्या बीपीची वहीही न्या. हा खळगा नेमका पुंजक्यात आहे की कॅप्सूलच्या मागच्या भागात, हे डॉक्टरांना विचारा. जोडनावातून ते कळत नाही. हा खरोखर इन्फार्क्टच आहे का रक्तवाहिनीभोवतीची नैसर्गिक मोकळी जागा, हेही विचारायला संकोचू नका. ती जागा सहसा ३ मिलिमीटरपेक्षा लहान असते, तरी कधीकधी दोन्ही सारखे दिसतात. बीपी किती ठेवायचं ते आकड्यात मागा. मेंदूला इजा होऊन गेलेल्यांसाठी बहुतेक डॉक्टर १३०/८० च्या आत ठेवायला बघतात, पण बाबांचा आकडा बाबांची तब्येत पाहून ठरेल. साखर आणि कोलेस्टेरॉल बरेच दिवसांत तपासलं नसेल तर तेही करायचं का विचारा.

आणि ज्यासाठी हे सगळं सुरू झालं ती चक्कर विसरू नका. कूस बदलताना काही क्षण गरगरणं हे पुष्कळदा आतल्या कानातल्या तोल सांभाळणाऱ्या यंत्रणेमुळे असतं, आणि त्यावर डोकं ठरावीक क्रमानं वळवून करायचा सोपा उपाय डॉक्टर दवाखान्यातच करतात. गँग्लिओकॅप्सुलर भागातल्या जुन्या खळग्याशी अशा चकरेचा संबंध सहसा नसतो. बाबांची चक्कर कशामुळे आहे ते तपासूनच कळेल, म्हणून हा प्रश्न स्वतंत्र विचारा. नाहीतर सगळी भेट त्या एका शब्दावर खर्ची पडेल आणि बाबा पहाटे पुन्हा भिंत धरून उठतील.

घरातल्या प्रत्येकाला, आईलासुद्धा, हे माहीत हवं. चेहरा एका बाजूला ओघळला, एक हात वर धरल्यावर खाली येऊ लागला, बोलणं अचानक बोबडं किंवा असंबद्ध झालं, यातलं एकही दिसलं तर किती वाजले ते बघायचं आणि लगेच १०८ ला फोन करायचा. बाबा शेवटचे नीट कधी दिसले होते तेही लक्षात ठेवायचं. गुठळी विरघळवणारं इंजेक्शन सहसा तेव्हापासून साडेचार तासांच्या आतच देता येतं, आणि त्याआधी सीटी स्कॅन व्हावा लागतो. ‘जरा पडून राहा, बरं वाटेल’ असं म्हणत ते तास जाऊ देऊ नका. सीटी स्कॅन आणि हे इंजेक्शन तुमच्या गावापासून सर्वांत जवळ कुठल्या रुग्णालयात मिळतं, ते डॉक्टरांना विचारून कॅलेंडरच्या कडेला मोठ्या अक्षरात लिहून ठेवा.

बीपी आज किती निघालं ते मला जरूर कळवा.